नागीण, वाघ आणि लांडगा
मेगाब्लॉकमुळे आज परळलाच अडकलो. मग भाचीसोबत टीव्हीसमोर ठाण. आधी १९८६चा ‘नगीना’. श्रीदेवीच्या डोळ्यांत रंगीत लेन्स, अमरीश पुरींची पुंगी, बस्स! बाई नागीण झाली हे आपण निमूट मान्य करायचो. १९९२च्या ‘जुनून’मध्ये राहुल रॉयचा पौर्णिमेला वाघ होतो, तो शापाने. २०२२च्या ‘भेडिया’त मात्र जंगलातून रस्ता काढायला गेलेल्यालाच लांडगा चावतो. म्हणजे शाप गेला, पर्यावरण आलं. (नरसिंह आणि गणपती पुजणाऱ्यांना या सरमिसळीचं नवल ते काय म्हणा!) कम्प्युटरने वरुण धवनचा लांडगा होताना सगळं साग्रसंगीत दाखवलंय. भाची ढिम्म, वेफर्स खातेय. उशीत तोंड खुपसलं ते श्रीदेवीने नुसती नजर रोखल्यावर. ‘जुनून’ अर्धाच राहिलाय. आईने बजावलंय, उरलेला दिवसाढवळ्या बघा.