उलटी गिटारवाली बाई
दादरच्या स्लो लोकलमध्ये सध्या कानात एकच, अमेरिकन लोकगायिका एलिझाबेथ कॉटन. बाई डावखुरी, उजव्या हाताची गिटार तारा न बदलता सरळ उलटी धरायची, म्हणजे बेस बोटांनी आणि चाल अंगठ्याने, वाजवून बघा जरा! 'फ्रेट ट्रेन' हे गाणं तिनं लहानपणीच रचलं, मग लग्न, चर्च, गिटार बंद. पुढे वॉशिंग्टनमध्ये दुकानात कामाला असताना हरवलेली पोरगी आईकडे पोचवली, ती निघाली पेगी सीगर, पुढे लोकगायिका झालेली, मग त्यांच्याच घरी ही घरकामाला लागली आणि तिथली गिटार परत हातात आली. पहिला अल्बम १९५८ला, साठीनंतर बरं का, आणि ग्रॅमी १९८५ला, नव्वदीत. पण त्याआधी १९५७ला इंग्लंडमध्ये तिचंच 'फ्रेट ट्रेन' भलत्यांच्या नावावर हिट झालेलं, हे वाचून डोकंच फिरलं राव.