आमची वाटचाल : मार्केट यार्ड ते भिलार

पाचगणीजवळच्या भिलारच्या शेतात सकाळी साडेसहाला तोडलेल्या स्ट्रॉबेरीत थर्मामीटरची सुई टोचली की आकडा येतो 13. त्याच वाफ्यावरची, त्याच दिवशी अकरा वाजता तोडलेली घ्या, आकडा 25. दिसायला दोन्ही सारखीच, लालबुंद, टणक, देठाची पानं ताठ. पुण्यात दुसऱ्या दिवशी दुपारी डबा उघडला की मग कळतं कुठलं फळ कुठल्या वेळचं. या 12 अंशांवर आमचा स्ट्रॉबेरी पुरवण्याचा धंदा उभा आहे. धंदा सुरू करून 16 वर्षं झाली, पण ही गोष्ट नीट कळायलाच त्यातली 12 गेली.

माझे बाबा गुलटेकडीच्या मार्केट यार्डात एका अडत्याकडे दिवाणजी होते. शेतकऱ्यांच्या पट्ट्या लिहिण्यात त्यांचं आयुष्य गेलं. आवक किती, भाव काय निघाला, हमाली-तोलाई जाऊन हातात काय राहिलं. सुट्टीत मी त्यांच्याबरोबर पहाटे यार्डात जायचो. स्ट्रॉबेरीच्या पट्टीत 'नासका' म्हणून वजा केलेला आकडा किती मोठा असायचा, हे तेव्हापासून डोक्यात बसलेलं आहे. 2009 च्या नोव्हेंबरात मी एक जुना टेम्पो घेतला आणि कॅम्पातले दोन केकवाले आणि सदाशिव पेठेतला एक आइस्क्रीमवाला यांना थेट माल द्यायला लागलो. मी गाडी चालवायचो, बायको हिशेब बघायची. फर्म म्हणजे आम्ही दोघंच.

माल अर्थातच महाबळेश्वर-पाचगणीचा. स्ट्रॉबेरी हिमाचलात होते, मेघालयात होते, आपल्याकडे नाशिकच्या सुरगाण्यातही आता चांगली येते. तरी देशाच्या उत्पादनातला फार मोठा वाटा, 85 टक्क्यांच्या आसपास, या एका डोंगरमाथ्यावरून येतो असं सांगतात. उंची 1,300 मीटरच्या वर, लाल माती, थंड रात्री. 2010 मध्ये महाबळेश्वर स्ट्रॉबेरीला भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा आमच्या डब्यांवर ते छापताना मला कोण अभिमान वाटला होता.

पण गावच्या या फळाचं मूळ बघायला गेलात तर ते थेट परदेशात निघतं. विंटर डॉन आणि स्वीट चार्ली या जाती फ्लोरिडा विद्यापीठाच्या, कॅमारोसा कॅलिफोर्निया विद्यापीठाची. मदर प्लांट, म्हणजे मूळ रोपं, परदेशातून येतात, वाईकडच्या रोपवाटिकांमध्ये त्यांना फुटवे, म्हणजे रनर, काढून रोपं वाढवतात आणि पाऊस ओसरला की सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये ती वर गादीवाफ्यांवर मल्चिंगच्या कागदात लागतात. नोव्हेंबरच्या अखेरीला पहिला तोडा, मग एप्रिल-मेपर्यंत चालू. शेवटी ऊन तापलं की फळ बारीक होतं आणि पल्पसाठी फॅक्टरीत जातं. बेरीचा आंतरराष्ट्रीय व्यापार म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे विमानातून येणारे डबे उभे राहतात. माझ्या डोळ्यांपुढे आधी हे रोप येतं. ते आलं नाही तर आपल्याकडे विकायला काहीच नाही.

पहिली दहा वर्षं फार खोलात सांगण्यासारखी नाहीत. गिऱ्हाइकं वाढली, बाणेर-बालेवाडीकडे नवी हॉटेलं झाली, दुसरा टेम्पो आला. नासका मात्र हटेना. दर शंभर किलोंमागे 15-20 किलो फेकायचो. तो आकडा धंद्याचाच भाग समजून भावात धरायचो आणि गप्प बसायचो. दुसरं दुखणं चवीचं. स्ट्रॉबेरी तोडल्यानंतर पिकत नाही. चिकू, आंबा, केळं आढीत घालून पिकवता येतं, हिला झाडावर जेवढी गोडी आली तेवढीच. टिकाव म्हणून शेतकरी पाऊण लाल झाल्यावर तोडायचा आणि आमच्या गिऱ्हाइकाच्या तोंडात आंबट फळ पडायचं. पूर्ण लाल तोडावी तर पसरणीचा घाट उतरेपर्यंत तळाचा थर मऊ.

2020 च्या मार्चमध्ये टाळेबंदी लागली तेव्हा हंगाम अजून संपायचा होता. हॉटेलं बंद, केकवाले बंद, यार्ड कधी चालू कधी बंद. भिलारहून ज्या काकांकडून मी सर्वात जास्त माल घेतो त्यांचा फोन आला, "फळ वाफ्यावरच सडतंय, काय करू सांगा." परवानगी काढून आम्ही कोथरूड आणि सिंहगड रस्त्यावरच्या सोसायट्यांच्या गेटवर माल नेऊन द्यायला लागलो. व्हॉट्सअ‍ॅपवर ऑर्डर, टेबलावर डबे, लांबून पैसे. माल खपला, काकांचे पैसे सुटले. पण या निमित्तानं पहिल्यांदा घरच्या गिऱ्हाइकाशी गाठ पडली. हॉटेलवाला नासका माल मुकाट परत करतो. कोथरूडच्या एका मावशींनी मला फोन करून विचारलं, "अहो दादा, काल संध्याकाळी घेतली आणि आज तिला केस आलेत. मुलाला देऊ का नको?" केस म्हणजे ती राखाडी बुरशी. मी पैसे परत केले, पण त्यांचा प्रश्न पैशांचा नव्हताच. त्या रात्री बायको म्हणाली, हा माल आपण आपल्या घरी ठेवला असता का? मला उत्तर देता आलं नाही.

पुढच्या वर्षी एका हॉटेलला ब्लूबेरी हवी होती म्हणून वाशीच्या घाऊक बाजारातून आणली. आधी चिलीची आणायचो, या वेळी पेरूची मिळाली. पेरू देशातली, आपल्या पेरूशी तिचा संबंध नाही, हे यार्डात रोज कुणाला तरी समजावून सांगावं लागतं. सव्वाशे ग्रॅमचा डबा, खाली बारीक अक्षरांत पॅकिंगची तारीख. मी दिवस मोजले. पुन्हा मोजले. पाच आठवडे उलटून गेले होते. आत फळ कडक, अंगावरची पांढुरकी मेणाची झाक तशीच. बोटानं पुसली तर निघून आली, म्हणजे तोडल्यापासून तिला फारसं कुणी हाताळलंही नव्हतं. 120 किलोमीटरवरून आलेली माझी स्ट्रॉबेरी दुसऱ्या दिवशी केस सोडते आणि अर्ध्या पृथ्वीला वळसा घालून आलेलं हे फळ पाच आठवड्यांनी असं. ब्लूबेरीची साल जात्याच चिवट, हे मान्य. तरी एवढ्यानं माझं समाधान होईना.

मग पेरूबद्दल मिळेल ते वाचायला लागलो. 2010 च्या सुमाराला त्या देशात ब्लूबेरीचं पीक नावाला होतं. दहा वर्षांच्या आसपास ते चिलीला मागे टाकून जगातले पहिल्या क्रमांकाचे निर्यातदार झाले, आणि 2024 मध्ये त्यांची ब्लूबेरीची निर्यात 2 अब्ज डॉलरच्या पुढे गेली. जमीन कुठली, तर उत्तर किनाऱ्यावरचं वाळवंट. ला लिबर्ताद प्रांतात चाविमोचिक नावाच्या कालव्यानं सांता नदीचं पाणी आणलं, वाळूवर ठिबक टाकलं आणि कडाक्याची थंडी न लागणाऱ्या बिलॉक्सीसारख्या जाती लावल्या. थंडीची गरज नाही म्हणून छाटणीची वेळ बदलून तोडा पुढेमागे करता येतो. बाकीच्या देशांचा माल बाजारात फारसा नसतो त्या सप्टेंबर-ऑक्टोबर-नोव्हेंबरात यांचा भर असतो. आपल्या द्राक्षवाल्यांना छाटणीचं हे गणित नवं नाही.

माझ्या उपयोगाची गोष्ट मात्र पुढची होती. फळ शेतातून पॅकहाऊसला, म्हणजे डब्यात भरायच्या जागी, गेलं की आधी त्याच्या पोटातली उष्णता काढतात. पंख्यानं डब्यांमधून गार हवा ओढून तापमान शून्याजवळ आणतात आणि मग ते गिऱ्हाइकाच्या हातात पडेपर्यंत चढू देत नाहीत. तोडलेलं फळ श्वास घेत असतं. गरम असेल तर भरभर घेतं आणि भरभर संपतं. आम्हीही शीतगृह वापरायचो, पण पुण्यात आल्यावर. म्हणजे दहा-बारा तास ऊब खाल्लेलं फळ आम्ही गार करत होतो. तोवर व्हायचं ते होऊन गेलेलं असायचं.

हे शिकायला पेरूपर्यंत जायचीही गरज नव्हती, याची मला आजही चुटपुट लागते. द्राक्ष परदेशी पाठवणाऱ्या बागायतदारांनी 1991 मध्ये महाग्रेप्स ही संस्था उभी केली, तिचं कार्यालय आमच्याच गुलटेकडीला. प्री-कूलिंगशिवाय, म्हणजे आधी गार केल्याशिवाय, द्राक्ष बोटीवर चढत नाही हे तिथल्या कुणीही मला सांगितलं असतं. यार्डात लहानाचा मोठा झालो आणि कधी विचारलं नाही.

काकांना जाऊन सांगितलं, तर ते म्हणाले, "फळ काय दूध हाय व्हय, काढलं की गार करायला?" मी म्हटलं, "काका, दूधच समजा." ते जरा वेळ गप्प बसले. त्यांच्या घरी चार म्हशी. डेअरीत बल्क कूलर, म्हणजे दूध गार करायची टाकी, आल्यावर दूध फाटायचं कसं थांबलं हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं. मग म्हणाले, "शेडच्या मागची खोली रिकामीच हाय."

2022 च्या हंगामाआधी त्या खोलीत आम्ही शीतखोली केली. बँकेनं कर्ज दिलं नाही, दुसऱ्याच्या जागेत मशिनरी म्हणून. दुसरा टेम्पो विकला, उरलेले बायकोच्या भावानं दिले. रचना अगदी साधी. क्रेटच्या दोन रांगा, मध्ये बोळ, वरून ताडपत्री, टोकाला मोठा पंखा बोळातली हवा ओढतो आणि गार हवा क्रेटांच्या भोकांतून फळांवरून जाते. नुसत्या शीतखोलीत अख्खी रात्र लागली असती ते काम दोन तासांत होतं.

पहिला महिना वाईट गेला. गार केलेलं फळ उघड्या टेम्पोत भरलं आणि वाईत खाली उतरल्यावर त्याला घाम फुटला. गार तांब्याला बाहेरून पाणी सुटतं तसं. ओल्या फळावर बुरशी उलट लवकर धरली. एका हॉटेलनं अख्खी गाडी परत पाठवली आणि नंतर आमच्याकडून माल घेणंच बंद केलं. त्यांचं चुकलं असं मी म्हणणार नाही. मग टेम्पोला आतून थर्मोकोल आणि पत्रा मारला, छोटं कूलिंग युनिट बसवलं, आणि क्रेट खोलीतच प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून बाहेर काढायचे असा नियम केला. पाणी सुटलं तर प्लॅस्टिकवर सुटतं, फळ कोरडं राहतं. तोडणी साडेनऊच्या आत संपवायची हेही ठरलं. त्यासाठी बायका अंधारात घरातून निघतात, म्हणून मजुरी वाढवली. हा खर्च मला कधी जास्त वाटला नाही.

फरक असा पडला की काका आता फळ पूर्ण लाल झाल्यावर तोडतात. नासका शंभराला 4 किलोंवर आला. कोथरूडच्या मावशी आता दर हंगामात आमच्या गिऱ्हाईक असतात, आणि डबा फ्रीजमध्ये पाच दिवस राहतो हे त्यांनीच मला कळवलं.

परदेशी माल आम्ही सोडलेला नाही. 2023 मध्ये एल निनोमुळे, म्हणजे प्रशांत महासागराचं पाणी तापल्यामुळे, पेरूचा किनारा तापला, तिथलं पीक घटलं आणि लांबलं. ऑक्टोबरात डब्याचा भाव दुपटीवर गेला आणि तरी माल मिळेना. एका देशावर विसंबलेल्या बाजाराचं काय होतं हे तेव्हा दिसलं. 2024 च्या फेब्रुवारीत ताज्या, गोठवलेल्या आणि सुक्या ब्लूबेरी-क्रॅनबेरीवरचं आयातशुल्क 30 टक्क्यांवरून 10 टक्क्यांवर आलं. अमेरिकेशी झालेल्या समझोत्यातून ते आलं. शेतकऱ्यांत त्याबद्दल धास्ती होती आणि काकांनीही मला विचारलं. माझं प्रामाणिक मत असं, की ब्लूबेरी स्वस्त झाल्यानं स्ट्रॉबेरीचं गिऱ्हाईक तुटलेलं नाही. उलट जो बेरी खायला लागला तो जानेवारीत स्ट्रॉबेरी मागतोच. पण परदेशी डब्याची सवय लागलेलं गिऱ्हाईक केस आलेलं फळ एकदाच घेतं. डोंगरावर गावोगावी अशी खोली झाली पाहिजे. आम्हाला ती जमली, म्हणजे कुणालाही जमेल. बघायला कुणी आलं तर आम्ही सगळं उघडून दाखवतो, आतापर्यंत सात-आठ शेतकरी पाहून गेले.

उन्हाळ्यात टेम्पो रिकामा राहू नये म्हणून दोन वर्षांपासून मुळशी-भोरकडची करवंदं आणि जांभळंही आणतो. केकवर लाल चेरी म्हणून मिळते ती पुष्कळदा साखरेत मुरवलेलं करवंदच असतं. आम्ही ताजं करवंद करवंद म्हणूनच विकतो.

सध्याची अडचण विजेची. भिलारला तोडणीच्या ऐन वेळी, सकाळी आठ ते दहा, वीज जाते आणि पंखा थांबला की क्रेट तासाभरात तापायला लागतात. थ्री-फेजच्या जोडणीचा अर्ज देऊन बरेच महिने झाले. जुना जनरेटर घ्यायचं बोलणं झालंय, डिझेल धरून किलोमागे किती पडतं याचा हिशेब बायको करतेय. रोपं वाफ्यावर लागली आहेत, पहिला तोडा पाच आठवड्यांवर आलाय.