बाविसावा दिवस : आमची वाटचाल

आज आम्ही दोघं नवरा-बायको स्वयंविकासाची पुस्तकं काढतो, पण पुस्तक काढायचं असं आम्ही ठरवलं नव्हतं. मी प्रशिक्षण वर्ग घ्यायचे. कामाची आखणी कशी करावी, चार लोकांसमोर कसं बोलावं, नकार आल्यावर दुसऱ्या दिवशी कामाला कसं लागावं, असे विषय असत. वर्ग संपला की कुणी ना कुणी थांबायचं आणि विचारायचं, "मॅडम, हे लिहून मिळेल का?" म्हणून मी टिपणं काढून वाटू लागले. ती एकाकडून दुसऱ्याकडे जाऊ लागली. वर्गाला कधीच न आलेले लोक झेरॉक्सची झेरॉक्स घेऊन शंका विचारायला येत, आणि त्या फिकट अक्षरांतलं माझंच वाक्य मला वाचता येत नसे.

तीन वर्षांत टिपणांची ९० पानं झाली. ती घेऊन मी दोन प्रकाशकांकडे गेले. पहिल्यांनी नाव अनोळखी म्हणून परत पाठवलं. दुसऱ्यांना मजकूर आवडला होता, पण एकरकमी पैसे देऊन सगळे हक्क त्यांना हवे होते. शिवाय मुखपृष्ठावर एखादा आकडा असावा, अशीही त्यांची अट होती. "वाचक आकडा बघून पुस्तक उचलतो," असं ते म्हणाले. मी घरी येऊन रडले. माझा नवरा तेव्हा छापखान्यात पानं लावायचं आणि प्लेटा काढायचं काम करत होता. त्याने ती ९० पानं रात्रभर वाचली आणि सकाळी एवढंच म्हणाला, "शिकवायचं तू, छापायचं मी. दुसरं कोण लागतंय?"

पुढे सॅम्युअल स्माइल्सची गोष्ट वाचली, तेव्हा ती कुणीतरी मुद्दाम आमच्यासाठी लिहून ठेवल्यासारखी वाटली. १८४५ साली लीड्समध्ये काही तरुण कामगार आपापलं शिकण्यासाठी एकत्र जमायचे. त्यांच्यापुढे स्माइल्सने व्याख्यान दिलं आणि पुस्तकाचं बीज तिथे पडलं. हा माणूस रेल्वे कंपनीत चिटणीस होता. १८५५ साली त्याचं हस्तलिखित एका प्रकाशकाने नाकारलं. १८५९ मध्ये त्याने ते स्वतःच्या जोखमीवर काढलं. लेखनाचे हक्क स्वतःकडे ठेवले आणि प्रकाशकाला फक्त कमिशन दिलं. पहिल्या वर्षातच २०,००० प्रती गेल्या. त्या पुस्तकाचं नाव 'सेल्फ-हेल्प', आणि या अख्ख्या लेखनप्रकाराला त्यावरूनच नाव पडलं. तेव्हा व्याख्यानातून पुस्तक आणि नकारातून स्वतःचं प्रकाशन, ही वाट आमच्या आधी चांगलीच मळलेली होती.

पहिली आवृत्ती ५०० प्रतींची, पानं १७६, म्हणजे सोळा पानी ११ फर्मे. त्या ५०० प्रतींनी आम्हाला कागद शिकवला. कागदाला ग्रेन असतो, म्हणजे त्यातल्या तंतूंची एक दिशा असते. ही दिशा पुस्तकाच्या पाठीला समांतर हवी. आडवी गेली तर पानं ताठ राहतात, पोटाशी वाकत नाहीत, आणि उघडलेलं पुस्तक हात काढला की मिटतं. नवऱ्याला हे माहीत होतं, पण रिम मागवताना घाई झाली आणि कागद उलट्या ग्रेनचा आला. कथा-कादंबरीत हे कदाचित खपून गेलं असतं. आमच्या पुस्तकात प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी वाचकाने पेनाने लिहायची पानं होती. एका हाताने पुस्तक दाबून धरायचं आणि दुसऱ्या हाताने लिहायचं, अशी त्यांची कसरत व्हायची. थोडा जोर दिला की परफेक्ट बायंडिंगचा गोंद तडकून मधली पानं सुटायची. दुसऱ्या आवृत्तीपासून आम्ही शिलाईचं बायंडिंग केलं. लिहायच्या पानांना बिनचकाकीचा, शाई पलीकडे न उमटणारा कागद लावला. खर्च वाढला, पण त्या बाबतीत आम्ही नंतर कधी तडजोड केली नाही. लिहिता येत नसेल अशा वहीला वही म्हणत नाहीत, आणि आमचं निम्मं पुस्तक वहीच आहे.

मुखपृष्ठावर मात्र आम्ही स्वतःहूनच आकडा टाकला होता. ज्या प्रकाशकाला मी नाही म्हणून आले होते, त्याचा सल्ला मनात कुठेतरी घर करून बसला असावा. '२१ दिवसांत' हे शब्द सर्वांत मोठ्या टायपात होते. सवय लागायला २१ दिवस पुरतात, हे मी वर्गात शिकवत होते, कारण मलाही ते कुणीतरी वर्गातच शिकवलं होतं.

पुस्तक चाललं. वर्गांमधून, मग परतीच्या बोलीवर दुकानांमधून. सात महिन्यांत ५०० प्रती संपल्या. दुसरी आवृत्ती १,००० ची, तिसरी २,००० ची. नवऱ्याने नोकरी सोडली. आम्ही एक खोली भाड्याने घेतली आणि दारावर पाटी लावली.

तिसऱ्या आवृत्तीच्या काळात एका वाचकाचं पत्र आलं. चार ओळींचं होतं. पुस्तकात सांगितल्याप्रमाणे पहाटे अर्धा तास चालायचं त्यांनी ठरवलं होतं. २१ दिवस एकही खाडा न करता ते चालले. बाविसाव्या दिवशी पाय आपोआप दाराकडे वळतील असं त्यांना वाटलं होतं. तसं झालं नाही. उठायला पहिल्या दिवशी जितकं जड गेलं होतं, तितकंच त्या दिवशीही गेलं. शेवटची ओळ अशी होती : 'तुमच्या पुस्तकात चूक असणार नाही, म्हणजे माझ्यातच काहीतरी कमी आहे.'

मी ते पत्र नवऱ्यापुढे ठेवलं. त्याने विचारलं, "हे २१ कुठून आलं?" मला सांगता आलं नाही.

मग शोध सुरू झाला. ग्रंथालयात, जुन्या पुस्तकांत, आणि पुढे मूळ शोधनिबंधांत. २१ च्या मुळाशी मॅक्सवेल माल्ट्झ हे प्लास्टिक सर्जन निघाले. चेहऱ्याची शस्त्रक्रिया झाल्यावर नव्या चेहऱ्याची मनाला सवय व्हायला कमीत कमी २१ दिवस लागतात, असं त्यांना आपल्या रुग्णांमध्ये दिसलं होतं. १९६० साली त्यांनी ते लिहिलं. त्यातलं 'कमीत कमी' पुढच्यांनी गाळलं, शस्त्रक्रिया गाळली, आणि राहिला तो नुसता आकडा. तो माझ्यापर्यंत आला आणि मी तो मुखपृष्ठावर छापला.

लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमध्ये फिलिपा लॅली आणि सहकाऱ्यांनी केलेलं संशोधन २००९ साली प्रसिद्ध झालं. ते वाचलं तेव्हा आपण वाचकाला काय सांगायला हवं होतं, हे मला नीट कळलं. ९६ जणांनी खाणं, पिणं किंवा व्यायाम यांतली एकेक साधी गोष्ट निवडली आणि १२ आठवडे नोंदी ठेवल्या. ती गोष्ट आपोआप घडू लागायला लागणारा काळ मध्यकाने ६६ दिवस आला. पण माणसामाणसांत फरक केवढा! कुणाला १८ दिवस, तर कुणाला अंदाजाने २५४. आणि त्यातलं मला सर्वांत मोलाचं वाटलेलं निरीक्षण असं, की एखादा दिवस चुकला तरी सवय जडण्यावर फारसा परिणाम झाला नाही. त्या चार ओळी लिहिणाऱ्या माणसाला हेच तर ऐकायचं होतं.

एक धागा ओढला तसे बाकीचेही सुटत गेले. माझ्या पुस्तकात येल विद्यापीठाची १९५३ सालची एक पाहणी होती. ध्येयं लिहून ठेवणारे ३ टक्के विद्यार्थी पुढे उरलेल्या ९७ टक्क्यांपेक्षा जास्त श्रीमंत झाले, अशी ती गोष्ट. अशी पाहणी कधी झालीच नव्हती. बोलण्यात शब्दांचा वाटा ७ टक्के, आवाजाचा ३८ आणि चेहऱ्याचा ५५, हेही मी लिहिलं होतं. हे आकडे अल्बर्ट मेहराबियन यांच्या १९६७ च्या प्रयोगांतले, म्हणून खरे. पण ते प्रयोग सुटे शब्द आणि त्यांमागच्या भावना यांच्यापुरते होते. भाषणाला किंवा मुलाखतीला ते लावायचे नसतात, हे मेहराबियन यांनी स्वतःच सांगितलेलं आहे. मी ते लावले होते. वर्षानुवर्षं, शेकडो लोकांपुढे.

तेव्हा तिसऱ्या आवृत्तीच्या १,१०० प्रती शिल्लक होत्या. त्यातल्या जवळपास ४०० दुकानांत होत्या. शुद्धिपत्र चिकटवता आलं असतं, नवं मुखपृष्ठही लावता आलं असतं. पण चूक आतल्या पाच प्रकरणांत पसरली होती. आम्ही सगळ्या प्रती परत मागवल्या आणि लगद्याला दिल्या. त्यात आमचं वर्षभराचं उत्पन्न गेलं. ज्या दिवशी गठ्ठे टेम्पोत चढवले, त्या दिवशी नवरा प्रत्येक गठ्ठ्याची सुतळी सोडून वरची प्रत एकदा हातात घेत होता. शिलाई त्यानेच पसंत केलेली होती ना.

त्या आठवड्यात आम्ही एक लांबोडी हिशेबाची वही आणली आणि तिला 'दाव्यांची वही' हे नाव दिलं. आमच्या प्रकाशनाचा खरा आरंभ मी तिथून धरते. वहीत तीन रकाने आहेत : दावा, मूळ, मर्यादा. हस्तलिखितात 'संशोधन सांगतं' असं आलं की ते वाक्य पहिल्या रकान्यात जातं. दुसऱ्यात मूळ निबंध, आणि तोही आम्ही स्वतः वाचलेला. दुसऱ्या कुणी दिलेला उल्लेख चालत नाही. तिसऱ्यात ते कुणावर तपासलं, किती जणांवर, किती काळ, आणि कुणाला लागू होणार नाही, एवढं सगळं. तिसरा रकाना रिकामा असेल तर वाक्य छापायला जात नाही.

हा तिसरा रकाना भरताना पुस्तकं बदलतात. जेम्स पेनबेकर आणि सँड्रा बील यांचा १९८६ चा प्रयोग घ्या. विद्यार्थ्यांनी सलग ४ दिवस, रोज १५ मिनिटं आपल्या आयुष्यातल्या आघाताबद्दल लिहिलं. घटना आणि भावना दोन्ही लिहिणारे पुढच्या महिन्यांत आरोग्य केंद्रात कमी वेळा गेले. एवढं बहुतेक पुस्तकांत येतं. पण लिहून उठल्या उठल्या त्यांचं मन जास्त खिन्न झालं होतं, ते येत नाही. आमच्या पुस्तकात हे त्या व्यायामाच्या आधीच छापलेलं असतं, म्हणजे पहिल्याच संध्याकाळी वाचक घाबरून वही मिटणार नाही. आणि जखम फारच ताजी असेल, तर ती एकट्याने उघडून बसायची नाही, समुपदेशकाकडे किंवा डॉक्टरांकडे जायचं, हेही त्याच पानावर, त्याच टायपात असतं. शेवटच्या पानावर बारीक अक्षरांत नाही.

दुसरी लेखिका आमच्याकडे आली ती स्वयंसूचनांचं पुस्तक घेऊन. 'मी प्रेमास पात्र आहे' अशी वाक्यं रोज मनाशी म्हणायची. जोॲन वुड आणि सहकाऱ्यांचा २००९ चा निबंध मी तिच्यापुढे ठेवला. ज्यांच्या मनात स्वतःबद्दल आधीच कमीपणा असतो, त्यांना असं वाक्य घोकल्यावर बरं वाटण्याऐवजी आणखी वाईट वाटलं होतं. म्हणजे ज्याला त्या पुस्तकाची सर्वांत जास्त गरज, त्यालाच ते बोचणार. ती खूप चिडली. दीड महिना तिचा फोन नव्हता. मग ती स्वतःहून आली, दोन प्रकरणं नव्याने लिहिलेली होती, आणि ती दोन्ही पहिल्यापेक्षा कितीतरी सरस होती. आज ती आमची सर्वांत कसून तपासणारी लेखिका आहे.

काही हस्तलिखितं आम्ही परत केली. विचारांच्या बळावर गंभीर आजार बरे होतात, औषधं सोडा, असं सांगणारं एक होतं. लेखकाचा वाचकवर्ग मोठा होता, पुस्तक नक्की खपलं असतं आणि तेव्हा आम्हाला पैशांची निकडही होती, कारण एका वितरकाने कारभार गुंडाळला होता आणि आमची दोन वर्षांची येणी त्यात बुडाली होती. तरी ते हस्तलिखित एक रात्रही खोलीत ठेवायला नको वाटलं.

वितरकाच्या त्या फटक्यानंतर आम्ही मोठ्या आवृत्त्या काढणं सोडलं. ऑफसेटवर २,००० प्रती काढल्या तर प्रत स्वस्त पडते हे खरं. पण उधारी, परत आलेल्या मळक्या प्रती आणि गोदाम यांचा हिशेब धरला की ती स्वस्ताई उरत नाही. आता डिजिटल छपाईवर १५० प्रती काढतो. याचा मोठा फायदा असा, की वहीत नवी नोंद झाली तर पुढच्या १५० मध्ये ती दुरुस्ती जाते, आणि कुठल्या पानावर काय बदललं हे श्रेयनामावलीच्या पानावर लिहिलेलं असतं.

माझ्या स्वतःच्या लेखनाचा संपादक अजून नवराच आहे. समासात तो एकच प्रश्न लिहितो : 'हे तू करतेस का?' पहाटे पाचला उठण्याचं माझं एक अख्खं प्रकरण त्या प्रश्नापुढे टिकलं नाही. मी पाचला उठत नाही. ते प्रकरण गेलं, आणि त्याच्या जागी सकाळी उशिरा सुरू होणाऱ्या दिवसाची आखणी आली. ती मी खरोखर करते.

पत्र लिहिणाऱ्या त्या वाचकाला आम्ही नवी आवृत्ती पाठवली होती. तिच्या मुखपृष्ठावर आकडा नाही. एकविसाव्या दिवसाच्या पानानंतर आणखी ६३ पानं आहेत, सगळी रेघांची, आणि बाविसाव्या दिवसाच्या पानावर वर बारीक अक्षरांत लिहिलं आहे : 'आज जड गेलं तरी तुमचं काही चुकलेलं नाही.' चारेक महिन्यांनी त्यांचं पत्र आलं. 'आज ११३वा दिवस. मधले ९ चुकले. चालतोय.' ते मी वहीच्या पुठ्ठ्याला आतून चिकटवलं आहे.

आज आमच्या यादीत १४ पुस्तकं आहेत आणि दाव्यांची वही तिसरी चालू आहे. सध्या नोकरी गेलेल्यांसाठीच्या एका पुस्तकाची दुसरी प्रूफं टेबलावर आहेत. आठव्या प्रकरणातल्या दोन वाक्यांचा तिसरा रकाना अजून रिकामा आहे, म्हणून छपाई पुढच्या महिन्यावर ढकलली आहे. लेखकाला तसं कालच कळवलं.