इंग्लंडमध्ये रात्री अकरानंतर दारू विकायची परवानगी: माझा अनुभव

आमच्या रेस्टॉरंटमध्ये चाळीस माणसं बसतात. गाणी लावतो तीही शेजारच्या टेबलावरचं बोलणं नीट ऐकू यावं इतकी हळू. शुक्रवारी आणि शनिवारी दारू विकायची वेळ अकरावरून साडेबारापर्यंत वाढवून द्या, एवढीच आमची मागणी होती. त्यावर काउन्सिलच्या, म्हणजे इथल्या नगरपालिकेच्या, एन्व्हायर्न्मेंटल हेल्थ विभागाने (आवाज, स्वच्छता वगैरे बघणारं खातं) अटींची जी यादी पाठवली, ती एखाद्या नाइटक्लबची होती. वेळ शेवटी मिळाली, पण तो ईमेल आठवला की अजूनही डोकं तापतं. इथे हॉटेल टाकायच्या विचारात असलेल्या ओळखीच्या काही जणांनी विचारलं, म्हणून सगळं सविस्तर लिहिते.

आमचं गाव लंडनच्या पश्चिमेला आहे, ट्रेनने अर्ध्या तासावर. आजूबाजूला मराठी वस्ती चांगली आहे. नाटकाचा प्रयोग किंवा मंडळाचा कार्यक्रम दहाच्या पुढे संपतो आणि मंडळी कोंबडी-वडे खायला आमच्याकडे येतात. पावणेअकराला त्यांना शेवटची ऑर्डर विचारायची, म्हणजे पाहुण्याला ताटावरून उठवल्यासारखं वाटायचं. आणि प्रश्न फक्त दारूचा नाही. रात्री ११ ते पहाटे ५ या वेळात गरम खाणं किंवा गरम पेय विकायलाही परवाना लागतो, त्याला लेट नाइट रिफ्रेशमेंट म्हणतात. त्यामुळे अकरानंतर सोलकढी चालते, चहा चालत नाही. हे दोन्ही एकाच अर्जात मागता येतं आणि मागावंच.

भारतातून आलेल्यांचा एक गोंधळ आधी दूर करते. महाराष्ट्रात कायद्याने पिणाऱ्याकडे परमिट असावं लागतं. इथे पिणाऱ्याला काही लागत नाही, सगळा भार विकणाऱ्यावर. एक पर्सनल लायसन्स, ते माणसाचं. दुसरं प्रिमायसेस लायसन्स, ते जागेचं, आणि दारू विकायचे तास त्या दुसऱ्यावर लिहिलेले असतात. पर्सनल लायसन्ससाठी लेव्हल टूची छोटी परीक्षा, पोलिसांकडच्या नोंदींचा दाखला आणि ३७ पौंड. २०१५ पासून त्याचं नूतनीकरणही करावं लागत नाही. जागेचं लायसन्स आधीच्या मालकाकडून आमच्या नावावर करून घ्यायला २३ पौंड, सुपरवायझर, म्हणजे तिथल्या दारूविक्रीला जबाबदार माणूस, म्हणून माझं नाव घालायला आणखी २३. हे सगळं विनासायास झालं.

अकराचा आकडा कुठून आला, हे अर्ज भरताना मी मुद्दाम वाचून काढलं. पहिल्या महायुद्धात दारूगोळ्याच्या कारखान्यांतले कामगार पिऊन कामावर येऊ नयेत म्हणून सरकारने १९१५ पासून पबच्या वेळांवर कडक बंधनं आणली. दुपारी पब बंद ठेवायची सक्ती तेव्हाची. ती आठवड्याच्या दिवसांपुरती उठायला १९८८ साल उजाडलं आणि रविवारची १९९५ मध्ये गेली. २००३ च्या लायसन्सिंग कायद्याने, जो नोव्हेंबर २००५ मध्ये लागू झाला, सगळ्यांसाठी एकच वेळ हा प्रकारच संपवला. आता प्रत्येक जागेने आपले तास मागायचे आणि काउन्सिलने त्या जागेकडे बघून ठरवायचं. म्हणजे कायद्याला आमचीच जागा बघून निर्णय हवा आहे. माझा सगळा राग इथेच आहे. हा नियम इंग्लंड आणि वेल्सचा. स्कॉटलंडचा कायदा वेगळा, तिकडे जाणाऱ्यांनी यावर विसंबू नये.

छोट्या बदलांसाठी ८९ पौंडांचा सोपा अर्ज असतो, पण रात्री ११ ते सकाळी ७ मधले दारूचे तास वाढवायला तो चालत नाही. पूर्ण व्हेरिएशनच, म्हणजे लायसन्स बदलायचा मोठा अर्जच, करावं लागतं. त्याची फी जागेच्या रेटेबल व्हॅल्यूवर, म्हणजे करासाठी धरलेल्या तिच्या किमतीवर, ठरते. आमची ४,३०१ ते ३३,००० च्या गटात, म्हणून १९० पौंड. ऑनलाइन अर्ज केला तर पोलिस, फायर ब्रिगेड, प्लॅनिंग वगैरे सगळ्या खात्यांना प्रती काउन्सिल स्वतः पाठवतं. कागदावर अर्ज केलात तर ते काम तुमचं.

मग नोटीस. फिकट निळा ए-फोर कागद, अक्षरं १६ पॉइंट किंवा मोठी, बाहेरून वाचता येईल अशी, सलग २८ दिवस लावायची. ती जागच्या जागी असल्याचा फोटो मी रोज काढत होते, कारण नोटीस एक दिवस दिसली नाही म्हणून सगळी मुदत पुन्हा सुरू करायला लावल्याचं ऐकलं होतं. शिवाय अर्जाच्या दुसऱ्या दिवसापासून दहा कामकाजाच्या दिवसांत स्थानिक वर्तमानपत्रात जाहिरात. जाहिरातीचं बिल अर्जाच्या फीपेक्षा जास्त आलं, त्याची तयारी ठेवा.

या २८ दिवसांत कोणीही हरकत घेऊ शकतं आणि कोणीही पाठिंबाही देऊ शकतं. पाठिंब्याचं बहुतेकांना माहीत नसतं. आम्ही नेहमीच्या गिऱ्हाइकांना आणि समोरच्या औषधांच्या दुकानदाराला ईमेल करायला सांगितलं होतं.

पोलिसांनी काही कळवलं नाही, म्हणजे त्यांची हरकत नाही. शेजाऱ्यांकडूनही हरकत नाही. शेवटच्या दिवशी दुपारी मी नवऱ्याला म्हटलं, झालं, संपलं. त्याच संध्याकाळी, ऑफिस बंद व्हायच्या सुमारास, एन्व्हायर्न्मेंटल हेल्थची हरकत आली.

दाराशी रात्री नऊपासून लायसन्सवाले दोन सिक्युरिटी गार्ड. साउंड लिमिटर, म्हणजे आवाज ठरावीक पातळीच्या वर जाऊ न देणारं यंत्र, तोही त्यांनी मंजूर केलेल्या पातळीला सील केलेला. अकरानंतर नव्या माणसाला प्रवेश नाही. 'डान्स फ्लोअर'वर कॅमेरा. आमच्याकडे डान्स फ्लोअर नाही. दोन टेबलांमधून वाढपी मुलगी ताट घेऊन जाते तेव्हा खुर्च्या सरकवाव्या लागतात. दुसरीकडच्या अर्जावरची यादी उचलून आमच्या नावाने पाठवली होती हे उघड दिसत होतं. दोन गार्डांचा पगार दिला तर त्या दीड तासात आम्ही तोट्यातच जाणार, म्हणजे नकारच तो, फक्त नकार या शब्दाशिवाय.

मी फोन केला. फोन व्हॉइसमेलवर. ईमेल केला, तर अधिकारी रजेवर असल्याचं आपोआप येणारं उत्तर. लायसन्सिंग ऑफिसात विचारलं तर म्हणाले, हरकत त्या विभागाची आहे, तुम्ही त्यांच्याशीच बोला. विभागाच्या सामायिक पत्त्यावर लिहिलं तर उत्तर आलं की संबंधित अधिकारी परतल्यावर संपर्क करतील. इकडे घड्याळ चालूच होतं, कारण हरकत आली की मुदत संपल्यापासून २० कामकाजाच्या दिवसांत सुनावणी घ्यावी लागते. अधिकारी परतल्यावर मी विनंती केली, एकदा येऊन जागा बघा, शुक्रवारी रात्री दहाला या, जेवायलाच या. उत्तर एका ओळीचं: सुचवलेल्या अटी मान्य असतील तर हरकत मागे घेता येईल.

मला सर्वात जास्त लागलं ते वेगळंच. अर्जाचा निकाल लागेपर्यंत आम्ही टेम्पररी इव्हेंट नोटीस, म्हणजे तात्पुरत्या परवानगीची नोटीस, जिला इथे सगळे आद्याक्षरांवरून 'टेन' म्हणतात, ती देऊन काही शुक्रवारी साडेबारापर्यंत चालू राहिलो होतो. २१ पौंडांची नोटीस, कार्यक्रमाच्या किमान दहा कामकाजाचे दिवस आधी द्यायची, आणि त्यात नोटीस दिल्याचा आणि कार्यक्रमाचा दिवस मोजायचा नाही. टेनला हरकत फक्त पोलिस आणि हेच एन्व्हायर्न्मेंटल हेल्थ घेऊ शकतात. त्यांनी एकदाही घेतली नव्हती! त्या रात्रींची एकही तक्रार नोंदलेली नव्हती. तीच जागा, तीच वेळ, तेच खातं. २१ पौंडांच्या कागदावर चाललं ते १९० पौंडांच्या अर्जावर धोकादायक कसं झालं, याचं उत्तर मला कुणी दिलं नाही.

टेनवर वर्ष काढू असं वाटत असेल तर थांबा. एका जागेला वर्षात १५ टेन आणि एकूण २१ दिवस मिळतात, आणि मध्यरात्र ओलांडणारी रात्र दोन दिवस म्हणून मोजली जाते. शुक्रवारी सुरू होऊन शनिवारी साडेबाराला संपलेल्या रात्रीचे दोन दिवस गेले. असे दहा शुक्रवार झाले की खातं जवळपास रिकामं.

सुनावणीची तयारी मी एका वाक्याभोवती केली. २००३ च्या कायद्याच्या कलम १८२ खाली गृहखात्याची मार्गदर्शिका निघते, ती इंटरनेटवर कुणालाही वाचता येते. तिच्यात स्पष्ट लिहिलंय की अटी त्या त्या जागेच्या आकाराला, प्रकाराला आणि ठिकाणाला धरून असाव्यात, सरसकट साचेबंद अटी टाळाव्यात. मी ते पान छापून घेतलं. सोबत रेस्टॉरंटचा नकाशा, टेनच्या रात्रींच्या तारखा, टॅक्सी कुठे थांबते त्याचा फोटो. कागद सुनावणीच्या आधी पाठवा. ऐन वेळी काढलेला नवा कागद सगळ्या पक्षांची संमती असेल तरच घेतात.

आणि शेजारी. वरच्या मजल्यावर एक वयस्क बाई एकट्या राहतात. नोटीस वाचून त्या स्वतः खाली आल्या होत्या. त्यांना गाण्यांचा त्रास नव्हता, दारूचाही नव्हता. रात्री मागच्या डब्यात बाटल्या ओतल्याचा खळखळाट त्यांना झोपेतून उठवायचा. आम्ही त्या रात्रीपासून बाटल्या आत क्रेटमध्ये ठेवून सकाळी टाकायला लागलो आणि त्यांनी आमच्या बाजूने दोन ओळी लिहून दिल्या. खात्याच्या लांबलचक यादीत बाटल्यांचा उल्लेखही नव्हता. खरा त्रास जिना चढून विचारला असता तर दोन मिनिटांत कळला असता.

सुनावणीला तीन नगरसेवक बसतात. आधी अधिकारी बोलले, मग मी. अध्यक्षबाईंनी अधिकाऱ्यांना विचारलं, तुम्ही जागा पाहिली आहे का? नाही, असं उत्तर आलं. डान्स फ्लोअर कुठे आहे, हा पुढचा प्रश्न. मी नकाशा पुढे सरकवला. लिमिटरबद्दल मी एवढंच म्हटलं की जेवणाच्या पार्श्वभूमीला वाजणाऱ्या गाण्यांना परवानाच लागत नाही, मग सील कशाला लावायचं? एका नगरसेवकांनी लोक घरी कसे जातात ते विचारलं, हा प्रश्न मात्र योग्य होता आणि त्याचं उत्तर माझ्याकडे होतं.

आत जाऊन ठरवून आले. दारू आणि गरम खाणं बारापर्यंत, साडेबाराला दार बंद. गार्ड नाहीत, लिमिटर नाही, प्रवेशबंदी नाही. अटी चार: अकरानंतर खिडक्या बंद, बाहेर पडताना शांत राहण्याची पाटी, रात्री ११ ते सकाळी ७ बाटल्या बाहेर टाकायच्या नाहीत, शेजाऱ्यांना आमचा फोन नंबर. अर्धा तास कमी मिळाला, पण मी पार्किंगमध्ये येऊन आईला पुण्याला फोन केला आणि रडले. तिकडे रात्र झाली होती, ती घाबरली. निकालावर २१ दिवसांत मॅजिस्ट्रेट कोर्टात अपील करता येतं, दोन्ही बाजूंना. कुणी केलं नाही.

आठवलं तसं आणखी थोडं. अर्जाच्या आधी जागेच्या प्लॅनिंग परवानगीत वेळेची अट आहे का ते बघा. लायसन्स मिळालं तरी प्लॅनिंगची अट तशीच राहते. वार्षिक फी विसरू नका, आमच्या गटाला १८० पौंड, न भरल्यास लायसन्स स्थगित होतं. राजा चार्ल्सच्या राज्याभिषेकासारख्या प्रसंगी सरकार सगळ्यांची वेळ वाढवतं, मे २०२३ मध्ये तीन रात्री एकपर्यंत दिली होती, त्याला अर्ज लागत नाही. आणि अटींची यादी आली की ऑफिसात हो म्हणून मोकळे होऊ नका. लायसन्सवरची अट मोडणं हा गुन्हा आहे, दंडाला वरची मर्यादा नाही आणि सहा महिन्यांपर्यंत कैदही होऊ शकते. अट काढायची झाली तर पुन्हा अर्ज, पुन्हा फी, आणि बहुधा पुन्हा तेच खातं.