स्वालबार्डचे वॉलरस आणि व्हिसावरचा तो ‘01’

स्वालबार्डला, म्हणजे आर्क्टिकमधल्या नॉर्वेच्या बेटांवर, जायला भारतीय माणसाला व्हिसा लागत नाही, तिथून परत यायला मात्र लागतो. एवढी एक गोष्ट आमच्या एजंटच्या गळी उतरवता उतरवता माझा उन्हाळा गेला, म्हणून हे लिहितेय. वॉलरस (लांब सुळ्यांचा, सीलसारखा मोठा समुद्री प्राणी), पफिन (एक समुद्रपक्षी) वगैरे पुढे येतीलच. पण ज्यांना खरंच जायचंय त्यांनी व्हिसाचा भाग गाळून थेट वॉलरसवर उडी मारू नये.

जाणार होतो मी आणि माझी मावशी. मावशी बँकेतून निवृत्त झालेली, पक्ष्यांची वेडी. भिगवणला दर हिवाळ्यात दुर्बीण घेऊन हजर असते. तिचं म्हणणं, आर्क्टिकचे प्राणी बघायचेत, पण पिंजऱ्यातले नकोत आणि पंधरा दिवसांची क्रूझ परवडत नाही. यावर सोपा उपाय म्हणजे स्वालबार्डमधलं लाँगयरब्येन. 78 अंश उत्तरेला, जेमतेम अडीच हजार वस्तीचं गाव, पण विमानतळ आहे, हॉटेलं आहेत, आणि उन्हाळ्यात बंदरावरून सकाळी निघून संध्याकाळपर्यंत परत आणणाऱ्या, गाइडसह बोटी आहेत. बोट ऑनलाइन बुक झाली, हॉटेल झालं, विमानाची तिकिटं झाली. इथवर काहीच अडलं नाही.

आता मेख समजून घ्या. स्वालबार्ड नॉर्वेचं आहे, पण शेंगेनमध्ये, म्हणजे एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या युरोपीय देशांच्या गटात, नाही; नॉर्वेची मुख्य भूमी मात्र आहे. 1920 साली पॅरिसमध्ये झालेल्या कराराने ही बेटं नॉर्वेच्या ताब्यात आली, पण सह्या करणाऱ्या देशांच्या नागरिकांना तिथे बरोबरीने वावरायचे हक्क ठेवून. भारतही त्या करारात आहे, आणि आपलं ‘हिमाद्री’ हे संशोधन केंद्र 2008 पासून तिथेच न्यू-ओलेसुंडला चालू आहे. म्हणून बेटावर उतरायला व्हिसा नाही. पण विमान जातं मुख्य भूमीवरच्या ओस्लो नाहीतर ट्रॉम्सोवरून. ओस्लोत उतरलात की शेंगेनमध्ये पहिला प्रवेश. लाँगयरब्येनच्या विमानात बसलात की तुम्ही शेंगेनच्या बाहेर. परत ओस्लोत आलात की दुसरा प्रवेश. व्हिसावर प्रवेशसंख्या ‘01’ असेल तर हा दुसरा प्रवेश तुमच्याकडे नसतोच. स्वालबार्डच्या गव्हर्नरच्या कार्यालयाने हे त्यांच्या संकेतस्थळावर स्वच्छ लिहून ठेवलंय: दोन प्रवेशांचा व्हिसा घ्या.

मी हे एजंटला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. व्हॉट्सअ‍ॅपवर लिहूनही पाठवलं होतं, निळ्या टिका आल्या होत्या. नॉर्वेचा अर्ज ऑनलाइन भरतात. तो त्याने त्याच्या संगणकावर भरला आणि आमच्यापुढे आले ते फक्त सह्या करायचे छापील कागद. त्यात प्रवेशांचा उल्लेख कुठेच नव्हता. मुंबईला जाऊन बोटांचे ठसे दिले, पासपोर्ट परत आले. मी स्टिकर उघडून बघते तर ‘01’. मावशीच्याही पासपोर्टवर ‘01’.

फोन केला.

“मॅडम, व्हिसा आला ना? अभिनंदन!”

“अहो, सिंगल एन्ट्री आलाय.”

“हो, मग? ओस्लो ते तुमचं ते लाँग… जे काय आहे ते, डोमेस्टिक फ्लाइट आहे. दोन्ही नॉर्वेच.”

मी गव्हर्नरची लिंक पाठवली. “बघतो आणि सांगतो,” म्हणाला. मग शांतता. मी दुपारी फोन केला की तो जेवायला गेलेला असायचा, संध्याकाळी केला की ‘सर’ मीटिंगमध्ये असायचे. शेवटी ‘सर’ स्वतः बोलले. आमचे इतके ग्रुप नॉर्वेला जातात, कधी कुणाला प्रॉब्लेम आला नाही. अहो, ते ग्रुप बर्गनला जातात, फ्योर्ड बघतात, नॉर्थ केपला फोटो काढतात. ते सगळं मुख्य भूमीवर आहे, त्यांना कशाला प्रॉब्लेम येईल? यावर सरांचं उत्तर: “टेन्शन नका घेऊ, एअरपोर्टवर रिक्वेस्ट केली तर देतात करून.”

कुणीही असं सांगितलं तर विश्वास ठेवू नका. पासपोर्ट तपासणारा माणूस म्हणजे रिझर्व्हेशनच्या चार्टमध्ये बर्थ शोधून देणारा टीसी नव्हे. आणि एअरलाइनवालेही चेक-इनलाच अडवू शकतात.

मग मी मावशीला घेऊन त्यांच्या ऑफिसात गेले. एसी, भिंतीवर आयफेल टॉवर, टेबलावर प्लास्टिकचा ग्लोब. मावशीने बॅगेतून चष्मा काढला, लावला आणि म्हणाली, “बाळ, आम्ही काउंटरवर तारखेतला एक आकडा खोडलेला दिसला तरी चेक परत करायचो. तू भरलेला फॉर्म दाखव मला.” तो म्हणाला, प्रिंट नसते. मावशी म्हणाली, मग स्क्रीन फिरव. बराच वेळ माउस इकडेतिकडे फिरला. मग स्क्रीन आमच्याकडे वळली आणि प्रवेशांच्या रकान्यात दिसलं, सिंगल. मागच्या कुठल्यातरी ग्रुपची माहिती समोर ठेवून त्याने तशीच उतरवली होती. मावशी काही बोलली नाही. चष्मा काढून घडी घालून परत ठेवला. ते बघूनच बहुधा सर केबिनमधून बाहेर आले आणि चहा मागवला गेला.

त्यांनी त्यांची फी परत केली. व्हिसाची फी, म्हणजे माणशी 90 युरो, ती मात्र गेलीच. दिलेल्या व्हिसावर एकाचे दोन करून मिळत नाहीत. पहिला व्हिसा रद्द करा अशी लेखी विनंती द्यायची, नवा अर्ज करायचा, पुन्हा पैसे भरायचे, पुन्हा थांबायचं. नियमाने निर्णयाला 15 दिवस, पण ते 45 पर्यंत ताणता येतात, आणि आमची जुलैची बोट तोंडावर. ठसे 59 महिने चालतात म्हणून ते तेवढे पुन्हा द्यावे लागले नाहीत. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो, तेव्हा लवकर हात घाला. आम्ही पहिला अर्ज लवकर केला होता म्हणूनच दुसऱ्याला वेळ उरला.

दुसरा अर्ज मी स्वतः भरला, रात्री जेवणं झाल्यावर, मावशीला शेजारी बसवून. काही अवघड नाही. सोबतच्या पत्रात प्रवासाचा तक्ता दिला: अमुक तारखेला ओस्लो, पहिला प्रवेश. अमुक तारखेला लाँगयरब्येन, शेंगेनबाहेर. अमुक तारखेला परत ओस्लो, दुसरा प्रवेश. त्याला दोन्ही बाजूंची विमानाची तिकिटं आणि बोटीचं बुकिंग जोडलं. समोरच्याला नकाशा उघडायची गरजच पडू नये, इतकं सोपं करून द्यायचं. पासपोर्ट आले तेव्हा जुन्या स्टिकरवर रद्द झाल्याचा शिक्का होता आणि पुढच्या पानावर नवा, ‘02’. मी मावशीला फोन केला तर ती म्हणाली, “नीट बघ, माझ्यावर पण दोनच आहे ना?”

विम्याचं राहिलंच. शेंगेनसाठी किमान 30,000 युरोंचा विमा लागतो, तो सगळेच काढतात. पण पॉलिसीत स्वालबार्ड धरलंय का आणि तिथून विमानाने हलवायचा खर्च धरलाय का, हे विचारून घ्या. लाँगयरब्येनचं हॉस्पिटल छोटं आहे, गंभीर पेशंटला ट्रॉम्सोला नेतात.

ओस्लोला लाँगयरब्येनच्या विमानाआधी पासपोर्ट तपासणी झालीच. ज्याला ‘डोमेस्टिक’ म्हणत होते तेच विमान. खिडकीतल्या मुलीने पान उलटलं, स्टिकरवर बोट ठेवलं, विचारलं, परत कधी? मी तारीख सांगितली. ठप्प. मला त्या क्षणी एजंटला व्हिडिओ कॉल करायची फार इच्छा झाली होती.

बोटीच्या दिवशी हॉटेलवरून न्यायला गाडी आली. गाइड ही पंचविशीतली मुलगी, खांद्याला रायफल आणि कमरेला फ्लेअर गन. मावशी जरा दचकली. तिथे वस्तीबाहेर पडायचं तर पांढऱ्या ध्रुवीय अस्वलाला पळवून लावायचं साधन जवळ असावंच लागतं. बोटीवर बसल्याबसल्या गाइडने स्पष्ट सांगितलं की अस्वल दिसण्याची खात्री नाही आणि आम्ही ते शोधतही फिरणार नाही. अस्वलाच्या मागावर जाणं बेकायदा आहे. 2025 पासून अंतराचा नियमही कडक झालाय: मार्च ते जून 500 मीटर, एरवी 300. तेव्हा ‘जवळून अस्वल’ अशी जाहिरात कुणी करत असेल तर तिथे पैसे घालवू नका. आम्हाला अस्वल दिसलं नाही. मला तरी त्याचं काही वाटलं नाही.

आधी बोट इसफ्योर्ड या लांब खाडीच्या तोंडाशी, आल्कहॉर्नेटच्या कड्याखाली गेली. तिथे समुद्र मोकळा लागतो आणि बोट हलते, त्यामुळे अवोमिन निघायच्या आधी घ्यावी, मळमळायला लागल्यावर नाही. कड्यावर गिलेमॉट आणि किटिवेक हे समुद्रपक्षी हजारोंनी, आणि तो गलका इंजिन बंद केल्यावर अंगावर येतो. पफिन मात्र एकेकटे, पाण्याला चिकटून, पंख भराभर मारत जाणारे. मावशीने दुर्बीण डोळ्यांवरून खाली म्हणून घेतली नाही. जेवण म्हणजे वाळवलेल्या अन्नाच्या पिशवीत उकळतं पाणी ओतून थोडा वेळ धरून बसायचं. बुकिंगच्या वेळीच शाकाहारी लिहिलंत तर शाकाहारी मिळतं. चव बेताची, पण गरम असतं आणि हातही शेकतात.

मग बोरेबुक्ता ही खाडी. मागे हिमनदीची निळसर भिंत आणि पुढे गोट्यांच्या किनाऱ्यावर वॉलरस. कप्तानाने लांबूनच वेग उतरवला. लग्नघरी पंगती उठल्यावर हॉलमधल्या गाद्यांवर मंडळी आडवी होतात ना, एकाचा पाय दुसऱ्याच्या पोटावर, तशी ती सगळी पसरली होती. मध्येच कुणी कूस बदलायचा, शेजाऱ्याला सुळा लागायचा, तो गुरगुरायचा, की पुन्हा सामसूम. वास वाऱ्याबरोबर बोटीपर्यंत आला. सुकट आणि गोठा एकत्र, असं मावशी म्हणाली. गाइडने दाखवलं म्हणून कळलं, बराच वेळ उन्हात पडलेले गुलाबी दिसत होते आणि नुकता पाण्यातून चढलेला एक मातकट राखाडी. थंड पाण्यात कातडीकडचं रक्त आत ओढून घेतात, वर आल्यावर ते परत येतं. चांगल्या नराचं वजन दीड टनापर्यंत जातं.

बोट स्थिर होती तेव्हा एक तरुण नर स्वतःहून आमच्याकडे पोहत आला. आधी फुस्स करून श्वास, मग डोकं. मिशा मऊ केसांसारख्या नव्हेतच, जाड, पिवळट, टोचतील असे काटे, आणि प्रत्येक टोकाला पाण्याचा थेंब. याच मिशांनी तळाच्या गाळात शिंपले चाचपतो. डोळे लालसर. आमच्याकडे बघून झाल्यावर तो उताणा झाला आणि खाली गेला. साडेतीनशे वर्षं सुळ्यांसाठी आणि चरबीसाठी मारून मारून यांना इथून जवळजवळ संपवलं होतं. 1952 साली संरक्षण मिळालं, तेव्हापासून हळूहळू परत येताहेत.

आठवतंय तसं सांगते. बोट मुक्कामाच्या पहिल्याच दिवशीची घ्या, हवा बिघडली तर पुढे ढकलायला जागा राहते. रेनडिअरसाठी वेगळी सहल घेऊ नका, आखूड पायांचे ते गावातच चरताना दिसतात. टर्न पक्ष्यांची घरटी रस्त्याच्या कडेला असतात आणि ते थेट डोक्यावर चोच मारतात. हातात काठी उंच धरून चालावं, ते सगळ्यात उंच टोकावर हल्ला करतात. जुलैतही तापमान सहा-सात अंश असतं आणि बोटीवर वारा त्याहून वाईट. 20 एप्रिलच्या सुमारापासून 22-23 ऑगस्टपर्यंत सूर्य मावळत नाही, तेव्हा डोळ्यांवरची पट्टी न्या. आणि हॉटेलांत, म्युझियममध्ये बूट दाराशीच काढावे लागतात. खाणकामगार कोळशाची धूळ आत आणत, त्या काळापासूनची ही पद्धत आहे. म्हणून मोजे जाड न्या आणि भोकं नसलेले.