वेळास ते अंजर्ले: पुळणीला ओहोटी लागते, खाडीला भरती

माघ वद्य पंचमी. पहाटे रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळासहून निघायचं, भारजा नदीची खाडी होडीनं उतरून केळशीला जायचं आणि उटंबर, आडे, पाडले करत संध्याकाळी अंजर्ले गाठायचं, असा दिवस आखला होता. गटात चौदा जण, वयं पंचविशीपासून साठीपर्यंत. मी पुढे, सहकारी सगळ्यात मागे. किनाऱ्यानं चालायच्या मोहिमा नेणं हे आमचं कामच आहे. त्या दिवशी खाडीच्या चिखलात जे घडलं ते सविस्तर लिहितोय, कारण या वाटेनं आता बरेच जण आपले आपण चालतात आणि तयारी करतात ती डोंगराची.

डोंगरात वेळ उन्हावर ठरते, इथे ती पाण्यावर ठरते. कोकणातलं जुनं गणित सोपं आहे: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ येते. पंचमीची पाऊणपट पावणेचार, म्हणजे पहाटे आणि दुपारी पावणेचारच्या सुमारास भरती आणि मध्ये सकाळी दहाच्या सुमारास पूर्ण ओहोटी. गणित ढोबळ आहे. भरती रोज साधारण पन्नास मिनिटं पुढे सरकते, तीही सारखी नाही. उधाणाच्या, म्हणजे मोठ्या भरतीच्या दिवसांत कमी सरकते, भांगाच्या, म्हणजे लहान भरतीच्या दिवसांत जास्त. शिवाय भरती दक्षिणेकडून वर चढत येते, त्यामुळे मुंबईची वेळ दापोलीला किंवा मालवणला जशीच्या तशी लावता येत नाही. आमच्या तक्त्यात त्या दिवशीची ओहोटी सव्वानऊची होती. तक्ता आणि तिथी जुळत नसतील तर जी वेळ लवकरची, ती धरायची. सव्वानऊ धरले.

खरी गुंतागुंत पुढेच आहे. पुळणीवरून, म्हणजे किनाऱ्याच्या वाळूवरून चालायला आणि टोकाच्या खडकांना वळसा घालायला ओहोटी लागते. होडीनं खाडी उतरायला मात्र पाणी लागतं. पूर्ण ओहोटीत पाणी काठापासून लांब जातं, होडी काठाला लागत नाही आणि मध्ये उरतो तो नुसता चिखल. त्यामुळे खडक अर्ध्या ओहोटीला ओलांडायचे आणि पाणी पुरतं उतरायच्या आत होडीत बसायचं, एवढीच फट मिळते. आम्ही आठची वेळ ठरवून होडीवाल्या दादांना आदल्या संध्याकाळीच सांगून ठेवलं होतं.

सव्वासहाला निघालो. वद्य पंचमीचा चंद्र पश्चिमेला असतो, त्याच्या उजेडात चालता येतं. वेळासला कासवांच्या विणीच्या दिवसांत पुळणीवर पांढरी बॅटरी लावायची नाही. लागलीच तर लाल उजेडाची, तीही खाली धरून. अंडी भरतीच्या रेषेच्या वर, कोरड्या वाळूत असतात. म्हणून भरतीनं भिजवलेल्या पट्ट्यातूनच चालायचं. पायालाही तोच पट्टा बरा, वाळू तिथे घट्ट असते. फक्त अगदी वरच्या अंगाला उतार जास्त असतो. दक्षिणेकडे जाताना समुद्र उजव्या हाताला, म्हणजे उजवा पाय तासन्‌तास खालच्या पातळीवर पडतो आणि दुपारपर्यंत गुडघ्याची बाहेरची बाजू धरते. पाण्याजवळ जितकं सरकावं तितकी पुळण सपाट होत जाते. वाळू बुटात जाऊन फोड येतात, त्यासाठी टाचेला आणि करंगळीला निघण्यापूर्वीच चिकटपट्टी लावायची. फोड आल्यावर लावून उपयोग नाही.

पुळण संपून खडक सुरू झाले आणि तिथेच पहिली अडचण आली. एका काकांच्या उजव्या बुटाचा तळ टाचेकडून उघडला आणि चार पावलांत पुढपर्यंत लोंबू लागला. बूट महागडे, चांगल्या बनावटीचे, पण कित्येक वर्षं कपाटात पडून होते. ट्रेकिंगच्या बऱ्याच बुटांत तळाच्या वरचा मऊ थर पॉलियुरेथेनचा असतो. तो वापरानं जितका झिजत नाही तितका नुसता पडून राहून, हवेतल्या दमटपणानं कुजतो. वरून बूट नवा दिसतो, आत त्या थराचा भुगा झालेला असतो. चालायला लागलं की तासाभरात तळ सुटतो, आणि दोन्ही बूट एकाच वयाचे असल्यानं दुसराही त्याच दिवशी जातो. घरी तपासायचं तर टाचेच्या वरच्या त्या थरात नख दाबून बघावं. भेगा पडल्या किंवा तुकडे निघाले तर ते बूट नेऊ नयेत.

खडकावर काकांना सँडलवर नेता आलं नसतं. तिथे कालवं असतात, त्यांच्या कडा पात्यासारख्या कापतात, आणि हिरव्या शेवाळावर सँडल घसरते. चिकटपट्टी ओल्या बुटाला धरत नाही. म्हणून तीन मिलिमीटरची नायलॉनची दोरी घेतली, टाचेच्या पुढच्या खाचेतून एक फेरा, बोटांच्या मागे दुसरा, दोन्ही फेरे पायाच्या पाठीवर फुलीत ओढून गाठ वरच्या बाजूला मारली. गाठ तळाखाली आली तर खडकावर घासून तुटते. डावा बूट अजून धड होता, तोही तसाच बांधला. या सगळ्यात अर्धा तास गेला आणि पुढचे खडक काकांच्या चालीनं ओलांडावे लागले. खाडीवर पोचलो तेव्हा नऊ वाजले होते.

होडी समोर दिसत होती, जेमतेम तीस-चाळीस फुटांवर. मध्ये चकचकीत, सपाट, राखाडी पट्टा. होडीवाले दादा हातानं समुद्राच्या दिशेला, मुखाकडे दाखवत होते: तिकडून या. ते बरोबर होतं. खाडीच्या मुखाशी लाटा गाळ धुऊन नेतात, तिथे वाळू उरते. आत, जिथे पाणी संथ असतं आणि तिवरं सुरू होतात, तिथे गाळ बसतो. वाळूच्या दांड्यावरून दोनशे मीटरचा वळसा होता. मी गटाला थांबवून वाट दाखवत होतो, तेवढ्यात रांगेच्या मध्यातला एक तरुण सरळ होडीकडे उतरला. पहिली तीन पावलं घोट्यापर्यंत गेली, चौथं गुडघ्यापर्यंत. तो पाय ओढायला त्यानं सगळा भार दुसऱ्या पायावर टाकला आणि तो मांडीपर्यंत गेला.

"हालू नका! हालाल तेवढे खाली जाल!" दादा होडीतूनच ओरडले.

या गाळाचे कण फार बारीक असतात. हलवला की तो पातळ होतो, स्थिर राहिला की घट्ट बसतो. पाय जोरात वर ओढला की खाली पोकळी होते आणि ती पाय परत खेचून घेते. म्हणून ताकद लावून काही होत नाही; ताकदवान माणूस उलट लवकर खोल जातो. मांडीपर्यंत रुतलेला माणूस आणखी फार खाली जात नाही. धोका बुडण्याचा नसून अडकून राहण्याचा आहे, आणि पाणी परत चढणार आहे.

घड्याळ पाहिलं. पूर्ण ओहोटीला पाव तास बाकी होता. पाणी सहा तासांत सारख्या वेगानं चढत नाही. बारा भाग धरले तर पहिल्या तासात एक, दुसऱ्यात दोन, तिसऱ्या आणि चौथ्यात तीन-तीन, मग दोन, मग एक. समजा ओहोटी-भरतीत २.४ मीटरचा फरक आहे, तर पहिल्या तासात २० सेंटिमीटर, दुसऱ्यात ४०, आणि पुढच्या दोन तासांत प्रत्येकी ६०. म्हणजे आमच्याकडे सव्वा तास निवांत होता आणि त्यानंतर घाई. हे मोठ्यानं सगळ्यांना सांगितलं, त्यालाही. वेळ आहे हे कळल्यावर त्याचं धडपडणं थांबलं.

सॅकचे कमरेचे आणि छातीचे बंद सोडून ती त्याला समोर ठेवायला लावली, त्यावर हात आणि छाती टेकवायला सांगितली. भार पसरला की रुतणं थांबतं. त्याच्याकडे कोणीही चालत जायचं नाही, हे बाकीच्यांना बजावलं. बघ्यांमधला दुसरा अडकला की काम दुप्पट होतं. दोघांना वाळूवर पडलेल्या माडाच्या झावळ्या आणायला पाठवलं. सहा झावळ्या आडव्या-उभ्या टाकून त्याच्यापर्यंत वाट केली. पलीकडून दादांनी होडीच्या तळाच्या दोन फळ्या काढून सरकवल्या आणि फळीवर पोटावर झोपून तेच पुढे आले. मी झावळ्यांवरून गुडघे टेकत गेलो.

दोरी काखेत घालून ओढायचं एका-दोघांनी सुचवलं. ते करायचं नसतं. पाय धरलेला असताना वरून ओढलं तर गुडघा किंवा खुबा जातो, खांदा निखळतो, माणूस निघत नाही.

दादांनी होडीतलं पाणी उपसायचा डबा आणला होता. त्यांनी त्याच्या मांडीच्या मागच्या बाजूला हात घालून चिखलात एक फट केली आणि तिच्यात डब्यानं पाणी ओतलं. "आता पाय गोल फिरव. वर नाय, गोल." त्यानं टाच हळूहळू फिरवली. पाणी खाली मुरलं, बुडबुडे वर आले. पुन्हा डबा, पुन्हा फिरवणं. पाच-सहा डब्यांनंतर पायाभोवतीचा गाळ ताकासारखा पातळ झाला आणि पाय बोटाबोटानं वर येऊ लागला. बूट निघत नव्हता, तेव्हा कोपरापर्यंत हात घालून नाडी सैल केली. बूट गेला तरी चालेल, असं त्याला सांगितलं. गुडघा मोकळा झाला तसा तो मागे फळीवर बसला, मग आडवा झाला, आणि दुसरा पाय त्याच रीतीनं निघाला. फळीवरून उभं न राहता लोळत झावळ्यांवर, तिथून वाळूवर. पंचवीस मिनिटं लागली. डावा बूट आतच राहिला.

पोटरीवर कालवाच्या शिंपल्याची दोन बोटं लांब चीर होती. खाडीच्या चिखलातली जखम वरून बारीक दिसली तरी लवकर पिकते. प्यायच्या पाण्याच्या दोन लिटरनं ती धुतली, कडा वेगळ्या करून आतली रेती काढली, जंतुनाशक लावलं आणि घट्ट न बांधता झाकली. धनुर्वाताचं इंजेक्शन पाच वर्षांत घेतलेलं नव्हतं, त्यामुळे पायाला जोर येत असूनही केळशीतून त्याला गाडीनं डॉक्टरकडे पाठवला, सोबत एक जण दिला. तळ सुटलेल्या बुटाचे काकाही त्याच गाडीत बसले.

चिखल ओळखायच्या खुणा गटाला मी तिथेच, त्या पट्ट्याकडे बोट दाखवून सांगितल्या. वाळूवर लाटांच्या बारीक वळ्या उमटलेल्या असतील तर जमीन धरते. पृष्ठभाग गुळगुळीत असेल, वर पाण्याचा पातळ थर चमकत असेल आणि निवट्या (चिखलातले छोटे मासे) उड्या मारत असतील, तर पाय नको. शंका असली तर काठी एका हातानं दाबायची. वीतभर सहज गेली की मागे फिरायचं. गावातली माणसं तिथून चालताना दिसतात म्हणून आपण चालू नये. ती अनवाणी असतात, पाय पडल्या-पडल्या उचलतात, आणि कालवांचा कठीण थर कुठे आहे ते त्यांना ठाऊक असतं.

दांड्यावरून होडीत बसलो. तिथे पाणी कमी पण ओढ असते, म्हणून सॅकचे बंद आधीच सोडलेले, लाइफ जॅकेट घातलेली, जड माणसं मधे, कोणी उभं नाही. पलीकडे केळशीची वाळूची टेकडी. तिच्यावर चढलं की वाळू ढासळते आणि पुन्हा तशी बसत नाही, तेव्हा खालून वळसा घेतला.

साडेदहा होऊन गेले होते आणि पाणी चढू लागलं होतं. आमचा नियम असा: ओहोटीनंतर दोन तासांच्या आत जे टोक ओलांडून होणार नाही, तिथे खडकात शिरायचंच नाही, वरची वाट घ्यायची. केळशीची पुळण घट्ट वाळूत मिळाली. उटंबरच्या टोकाशी मात्र सव्वाअकराच्या आत पोचणं शक्य नव्हतं, म्हणून डोंगरावरून गेलो. सड्यावर, म्हणजे वरच्या कातळाच्या पठारावर सावली नाही, कातळ खालून भाजतो, आणि जखम धुण्यात पाणी गेलेलं. केळशीत प्रत्येकाच्या बाटल्या तपासून तीन लिटर भरून घेतल्या होत्या, मीठ-साखरेच्या पुड्या दर तासाला. दुपारी वारा वायव्येकडून लागला. दक्षिणेकडे चालताना तो पाठीवर येतो. या किनाऱ्यावर उत्तरेकडून दक्षिणेकडे चालावं ते यासाठीच. आड्यापुढेही खडकातला टप्पा सोडून गावातली वाट धरली. अंजर्ल्यात पोचायला साडेपाच झाले.

जखमी गडी तिथे आधीच पोचला होता, इंजेक्शन घेऊन, दोन टाके घालून. रात्री जेवणानंतर सगळ्यांचे बूट उलटे करून नखानं तपासले. आणखी एका जोडीचा थर भुसभुशीत निघाला, तीही तेव्हाच दोरीनं बांधून टाकली. दुसऱ्या दिवशी षष्ठी, ओहोटी दहाच्या आसपास. हर्णैपर्यंतचं अंतर कमी, म्हणून निघायची वेळ साडेसातची ठरवली.