राखेचा साबण

आज दिवसभर डोक्यात मेरी लिव्हिंग्स्टनच. आफ्रिका पालथी घालणाऱ्या मिशनरी डेव्हिडची बायको. १८६२ मध्ये झांबेझी नदीकाठी शुपांगाला तापाने गेली, अवघी ४१ वर्षांची. आजच्या बोत्सवानातल्या कोलोबेंगच्या मिशनवर तिची दुपारी शंभरेक पोरांची बालशाळा, नाहीतर शिवणवर्ग. पण खरी कसोटी साबणाची! तिथल्या लाकडाच्या राखेत क्षार फारच कमी, त्यामुळे एका निवळीत (राख भिजवून निवळलेल्या पाण्यात) चरबीचा साबण होतच नाही. राखेचं नवं नवं पाणी घालत महिना-दीड महिना उकळत बसायचं. पाव त्यामानाने सोपा. आधीच्या पिठातला आंबलेला गोळा मिसळून कणीक तास-दोन तास उन्हात ठेवायची आणि वारूळ पोखरून केलेल्या भट्टीत भाजायची. दाराला दगडी लादी. वारूळ नसेल तर तापलेल्या जमिनीवर तवा, वर उपडं भांडं, भोवती निखारे.